गाडीच्या पोटाखाली किती?

गाडी घेतली तेव्हा किंमत सगळ्यांनी विचारली, रंग हाच का घेतला तेही विचारलं, आणि ॲव्हरेज तर ज्यांना सायकलसुद्धा येत नाही त्यांनी विचारलं. सरांनी एकच विचारलं, "पोटाखाली किती?" मी कंपनीच्या कागदावर ग्राउंड क्लिअरन्स म्हणून वाचलेलं सांगून टाकलं, दोनशे मिलिमीटर. झालं. तिथून पुढची अडीच वर्षं त्या माणसानं मला सुखानं गाडी चालवू दिली नाही.

सर आमच्या शाळेत कार्यानुभव शिकवायचे. शिकवायचे म्हणजे वेळापत्रकात तसं लिहिलेलं होतं. प्रत्यक्षात त्यांचा तास गणिताच्या बाईंनी नाहीतर इंग्रजीच्या सरांनी आधीच मागून घेतलेला असायचा, आणि हे हत्यारांची पेटी घेऊन रिकामे. रिकाम्या माणसाच्या हाती करवत आणि पट्टी सापडली की काय होतं ते मी भोगलंय. शाळा इंदापूर तालुक्यात, राहायला आम्ही बारामतीत एकाच गल्लीत. मी, सर आणि गणिताच्या बाई माझ्या गाडीतून जायचो-यायचो. सर उंच, हडकुळे, रोज धुतलेला पांढरा शर्ट. पण त्या शर्टाची पाठ मी कधी पांढरी पाहिली नाही, कारण माणूस सकाळी सकाळी कुणाच्या ना कुणाच्या गाडीखाली लोळून आलेला असायचा.

पहिल्याच रविवारी ते सागाचे सात ठोकळे घेऊन दारात हजर. प्रत्येकावर पेन्सिलीनं मिलिमीटर लिहिलेले. मला, आमच्या ह्यांना, दोन्ही पोरांना गाडीत बसवलं, डिकीत भरलेला सिलिंडर ठेवायला लावला आणि स्वतः खाली शिरले. एकेक ठोकळा सरकवून बघतायत, आत आम्ही घामानं निथळतोय, आणि सगळी गल्ली आपापल्या दारातून बघतेय. बाहेर आले ते विजयी मुद्रेनं. "एकशे एकसष्ट. कुठं गेले तुमचे दोनशे?"

मी म्हटलं, "सर, कंपनी काय खोटं लिहील का?"

"खोटं न्हाय लिहीत. रिकामी उभी करून मोजती. रिकाम्या गाडीचा आकडा म्हणजे बघायला गेलेल्या पोरीचा स्वभाव. संसार चढू द्या, मग बघा किती उरतो."

"पोरीचाच का? पोराचा नसतो होय?"

सरांनी पाठ झटकत बराच विचार केला. "पोराचा पहिल्यापासूनच कमी असतो," म्हणाले. असं काहीतरी बोलायचे, मग त्यांच्यावर धड रागावताही यायचं नाही. माझा निम्मा राग असाच वाया गेलाय.

पण ही गाडी मी मिरवायला घेतलेली नव्हती. माझे सासरे, आबा, वडगाव निंबाळकरच्या बाजूला वस्तीवर राहायचे. त्यांच्या दोन्ही किडन्या निकामी झालेल्या. बुधवारी आणि शनिवारी दुपारी दोनला बारामतीत डायलिसिस. हे चुकवून चालत नाही. एक जरी खाडा झाला तरी अंगात पाणी साठतं, आडवं होता येत नाही, दम लागतो. बारामतीत आमच्याकडे राहा म्हणून मी हात जोडले, पण आबा म्हणायचे, "तुज्या त्या खोलीत मी डायलिसिसच्या आधीच मरंन. मला माजं रान दिसलं पायजे." मोटारसायकलवर मागं बसायची ताकद राहिली नव्हती. रिक्षावाले त्या रस्त्याचं नाव काढलं की फोन ठेवायचे. म्हणून कर्ज काढून ही उंच गाडी घेतली. आमचे हे एमआयडीसीत, त्यांची सुट्टी बुधवारी, तेव्हा ते न्यायचे. शनिवार माझा. सकाळची शाळा साडेअकराला सुटायची, गणिताच्या बाईंना घरी सोडायचं आणि तशीच गाडी वस्तीकडं काढायची. माझ्याबरोबर, कुणी बोलावलेलं नसताना, सर.

डांबरी सोडल्यापासून वस्तीपर्यंत दोन किलोमीटर कच्चा रस्ता. उसाच्या ट्रॅक्टरांनी दोन्ही अंगाला चाकोऱ्या पाडलेल्या, मधे माती उंच राहिलेली. त्यात ज्याच्या त्याच्या पाइपलाइनी रस्त्याला आडव्या. पाइप खोल कोण पुरतंय? वरच्यावर टाकायचा, वर माती ओढायची, पायानं दाबायची. झाला उंचवटा. ट्रॅक्टरला काय, तो हत्तीवरून मुंगी गेल्यासारखा जातो. नाही, उलटं. पण तुम्हाला कळलं मला काय म्हणायचंय ते.

खरं सांगायचं तर त्या रस्त्यावर गाडी कशी घालायची ते सरांनीच मला शिकवलं. चाकोरीत उतरायचं नाही, एक चाक मधल्या उंच मातीवर ठेवायचं आणि दुसरं कडेच्या गवतावर. उंचवटा आला की सरळ न जाता तिरपं जायचं, एकेक चाक चढवायचं. हे बरोबर होतं, मी मान्य करते. पण शिकवणं तिथं थांबलं असतं तर मी आज हे लिहीत बसले नसते.

शाळेच्या रस्त्यावर एका गावात लोकांनी स्वतःच बांधलेला एक गतिरोधक होता. कुणाचं तरी पोरगं पडलं, म्हणून गावानं एका दिवसात सिमेंट आणून मधोमध बांध घातला. सर तिथं स्वतः उतरायचे आणि गणिताच्या बाईंनाही उतरवायचे. रोज. मी गाडी रिकामी पुढं न्यायची, आणि ते दोघं चालत ते सिमेंट ओलांडणार. एसटीतून लोक माना बाहेर काढून बघायचे. दुसऱ्या महिन्यात गावातली पोरंच विचारायला लागली, "बाई, आज पण बंद पडली का?" गणिताच्या बाई एकदा चिडून म्हणाल्या, मी आता उतरणार नाही. तेव्हा सरांनी भर स्टाफरूममध्ये, मुख्याध्यापकांसमोर, वही उघडून त्यांना विचारलं, "मॅडम, तुमचं वजन सांगा, मी हिशेबात धरतो." बाई आठवडाभर एसटीनं आल्या. त्यांची समजूत मला काढावी लागली, सरांचं काय जातंय.

आणि साखरेचं सांगायचं राहिलं. दिवाळीला कारखान्याची सभासदाची साखर आली. सासूबाईंनी आमच्यासाठी पंचवीस किलोचं पोतं डिकीत ठेवलं. सर म्हणाले, काढा. सासूबाई म्हणाल्या, का म्हणून, नातवंडांना लाडू नकोत? सरांनी वाद घातला नाही. पोतं काढून खांद्यावर घेतलं आणि डांबरीपर्यंत दोन किलोमीटर गाडीच्या मागं मागं चालत आले. आरशात मला एकच दिसत होतं, पोत्याखाली वाकलेला पन्नाशी उलटलेला माणूस. बांधावरची माणसं मला बघत होती. सुनंनं मास्तरला हमाल केलाय, असं महिनाभर वस्तीवर बोललं जात होतं. नाव माझं खराब.

तरी हे सगळं परवडलं. नाही परवडलं ते फक्कीचं.

उसाचे ट्रॅक्टर सुरू झाले आणि रस्त्याची दशा बघवेना. सरांच्या डोक्यात आलं की प्रत्येक उंचवट्याची उंची मोजून, आकडे दाखवून लोकांना पटवायचं, पाइप खोल घाला म्हणून. मी म्हटलं, सर, लोकांना आकड्यानं पटत नाही. ते म्हणाले, अजून कुणी दाखवलेच न्हाईत. एका रविवारी, मला न सांगता, शाळेतली क्रीडास्पर्धांतून उरलेली मैदान आखायची फक्की घेऊन ते वस्तीच्या रस्त्यावर गेले. दोन बांबू, एक दोरी, ओळंबा. दिवसभर अकरा उंचवटे मोजले. प्रत्येकाच्या दोन्ही अंगांना पांढरी रेघ मारली आणि शेजारी आकडा टाकला.

आता रस्त्यावर पांढरी रेघ आणि आकडा दिसला की आपल्याकडं काय समजतात ते शेंबड्या पोराला कळतं. लोक गोळा झाले. सासूबाई तिथंच होत्या, त्यांनी मला नंतर सांगितलं. शेजारच्या रानातले तात्या म्हणाले, "मास्तर, किती रुंद व्हणार?"

"रुंदीचं मला काय करायचंय? मी उंची बघतोय."

उंची म्हटल्यावर लोकांनी एकमेकांकडं बघितलं. उंची बघतायत म्हणजे साधा रस्ता नव्हे, पूल. सर सांगतायत, मी सरकारी कामाला आलेलो न्हाय. तात्या म्हणाले, "तसंच सांगत्यात समदे." आणि त्यांचंही चुकलं म्हणवत नाही. माणसं मोजायची तर मास्तर, जनावरं मोजायची तर मास्तर, मतदारयाद्या मास्तर. मग रस्ता मोजायला मास्तर आला तर कुणाला काय नवल? जितका जोरात नाही म्हणेल तितकं खरं.

पुढचा शनिवार मी जन्मात विसरणार नाही. बुधवारी ह्यांना तिथं नुसत्या सरांच्या पांढऱ्या रेघा दिसल्या होत्या. मी डांबरी सोडून आत वळले आणि रस्ता ओळखूच येईना. तात्यांनी कडेच्या गवतात, जिथं मी एक चाक ठेवायचे तिथंच, चिकूची रोपं लावलेली. रस्त्यात गेलेल्या झाडाला भरपाई मिळते ना. पुढं एकानं पत्र्याची शेड उभी केलेली, आत ना म्हैस ना माणूस. आणि पाइपालाही भरपाई मिळते, म्हणून तीन जणांनी नवे पाइप आडवे टाकलेले. अकराचे चौदा झाले होते. सर प्रत्येक ठिकाणी उतरत होते आणि त्यांचा चेहरा उतरत चालला होता. मी दात आवळून गाडी चालवत होते. बोलले असते तर पुढची नोकरी वेगळ्या शाळेत करावी लागली असती.

सगळ्यांत शेवटचा, घरापासून तीनशे फुटांवरचा उंचवटा सगळ्यांत उंच होता. जुना दिसावा म्हणून वर मुरूम टाकून धुमसानं ठोकून घेतलेला. सरांनी ठोकळा लावला, एकशे ऐंशी. ते खाली उतरून उभे राहिले आणि मी एकटी होते म्हणून गाडी कशीबशी पार झाली. घरी पोहोचल्यावर कळलं, तो आमच्या आबांचा. शुक्रवारी दोन गडी लावून त्यांनी तो घालून घेतला होता. पाइपाची दोन्ही टोकं उघडी. पाणी कुठून कुठं न्यायचं होतं ते त्या पाइपालाही ठाऊक नव्हतं.

त्या दिवशी वेळ घालवायला जागाच नव्हती. बुधवारी आबांचं बीपी पडलं म्हणून दोन तासांतच मशिन बंद केलेलं. पाय सुजून चपला चढेनात, दोन वाक्यं बोलले की थांबून श्वास घ्यायचे. मागच्या सीटवर आबा आणि सासूबाई, मी पुढं, सर बाहेर चालत. त्या उंचवट्याशी आलो आणि सरांनी हात आडवा केला. खाली वाकून बघितलं.

"एकशे शहात्तर. चार मिलिमीटरनं अडकती. आबांनी जरा उतरून दहा पावलं चालावं."

मी काही बोलायच्या आत आबा दार उघडून उतरलेसुद्धा. त्यांना सर आवडायचे, का ते मला अजून कळलेलं नाही. तीन पावलं टाकली. चौथं पडलं नाही. आपल्याच त्या मुरमावर मटकन बसले, आणि तोंड उघडून श्वास घ्यायला लागले.

मग मात्र माझा तोल सुटला. अडीच वर्षांचं सगळं बाहेर आलं. "सर, गाडी आबांसाठी आहे, का आबा गाडीसाठी? घासली तर घासू दे, फुटली तर फुटू दे, गेली भंगारात तर जाऊ दे. तुम्हाला माणूस दिसतो का कधी? का नुसतं त्याचं वजन दिसतं?"

सर शेजारच्या रानातून कुणाचं तरी फावडं घेऊन आले आणि मुरूम ओढायला लागले.

"हात लावायचा न्हाय," आबा म्हणाले. श्वास पुरत नव्हता तरी आवाज करडा. "पंचनामा व्हईस्तवर कुणी हात लावायचा न्हाय."

"आबा, पंचनामा कसला? दोन वाजता मशिनवर जायचंय," मी म्हटलं.

"एक शनवार न्हाय ग्येलो तर काय व्हतंय?"

काय होतंय ते त्यांच्या छातीकडं बघून आम्हाला सगळ्यांना दिसत होतं. एव्हाना तात्या आणि दोघं-तिघं येऊन उभे राहिले होते. सर फावडं टाकून आबांच्या समोर मातीत बसले.

"आबा, रस्ता न्हाय येणार."

"तू सांगून काय व्हतंय."

"मीच सांगून व्हतंय. फक्की माझी. शाळेची, खेळाची. सरकारचं ह्यात काय न्हाय. तुमची गाडी खाली घासती म्हणून मी मोजत होतो. ह्या सगळ्यांना सांगायला आलो होतो की पाइप खोल घाला, आबांना दवाखान्यात न्यायचं असतंय. ते सांगायच्या आधीच समदा घोटाळा झाला. खोटं बोलत असलो तर मला ह्या गाडीत परत बसू देऊ नका."

तात्यांनी आपल्या चिकूच्या रोपांकडं एकदा बघितलं, सरांकडं एकदा बघितलं, आणि एक शिवी दिली ती मी इथं लिहीत नाही. मग ते निघून गेले, त्यांच्या मागोमाग बाकीचे. रस्ता येणार म्हणून पाच-सहा दिवस ही माणसं खुशीत होती, ते सरांनी एका वाक्यात काढून घेतलं होतं. त्यानंतर वस्तीवर सरांना कुणी पाणी विचारलं नाही.

आबा सरांच्या तोंडाकडं बराच वेळ बघत होते. त्यांना माणूस पारखता यायचा.

"म्हंजी माज्यासाठीच मोजत व्हतास की," ते म्हणाले.

"व्हय."

"मंग काढ."

आपल्या हातानं घातलेला पाइप आपल्या डोळ्यांसमोर निघताना ते बघत बसले. सरांनी मुरूम फोडला, पाइप उपसून बांधावर फेकला, माती सारखी केली. पंधरा मिनिटं लागली. त्या दिवशी मशिन मिळालं, तीन वाजता मिळालं, हे आधीच सांगून टाकते. डायलिसिसच्या सिस्टरांनी मला फोनवर जे सुनावलं ते मी सरांना तसंच्या तसं ऐकवलं.

पण ते नंतर. आत्ता आबा मागं बसले होते, सर माझ्या शेजारी, आणि माझा राग अजून उतरला नव्हता. आता तो आबांवर निघाला. सून असले म्हणून काय झालं. सपाट केलेल्या मातीवरून गाडी पुढं नेली आणि म्हटलं, "आबा, त्या लोकांचं सोडा. पण तुम्ही? आठवड्यातनं दोनदा तुम्हालाच ह्यावरनं जायचं असतं. आपल्याच वाटेत कुणी बांध घालतं का?"

"पायपाचे पैशे आलं असतं."

"आणि काय केलं असतं त्या पैशांचं?"

त्यांनी आधी श्वास घेतला. घाई नव्हती त्यांना.

"ह्या गाडीचं कर्ज फेडलं असतंस तू. माज्यापायीच घेतलीस न्हवं."

मला पुढचं नीट दिसेना. अजून तेरा उंचवटे होते, आणि पहिल्यावरच मी गाडी हळू करायची विसरले, तिरपी घ्यायचीही विसरले. पोट खालून कर्रकन घासत गेलं, सासूबाईंनी पुढची सीट धरली. सर माझ्या शेजारी तसेच बसून होते. ते खाली उतरले नाहीत, आणि किती लागलं तेही त्यांनी विचारलं नाही.